अकरा चाली, चाळीस धडे

पाळकसाहेबांना चाली अकराच येत होत्या, आणि त्या अकरांच्या जिवावर त्यांनी चाळीस वर्षं उपासनाही चालवली आणि शाळाही.

तसे ते जन्मजात गवई नव्हते. पाळक व्हायला सेमिनरीत गेले तेव्हा त्यांची अडचण अगदी साधी होती: उपदेश करताना मधेच पुढचं वाक्य डोक्यातून उडून जायचं. सरावाच्या उपदेशाला पुढच्या बाकावर म्हातारे प्राध्यापक बसत आणि दुसऱ्या मिनिटाला मान छातीवर टाकत. त्या दिवशीही प्राध्यापक झोपले आणि इकडे वाक्य उडालं. काय करावं सुचेना, म्हणून या पठ्ठ्याने आधीचंच वाक्य एका गीताच्या चालीवर पुन्हा म्हटलं. आणि काय आश्चर्य, चालीच्या शेपटाला धरून पुढचं वाक्य आलं, त्याच्या मागे तिसरं आलं. उपदेश संपला तेव्हा प्राध्यापक डोळे टक्क उघडे ठेवून बसले होते.

"उपदेश बेताचाच होता," ते म्हणाले, "पण मी जागा राहिलो. तीस वर्षांत पहिल्यांदा. गात जा."

झालं. मोठ्यांचा शब्द आणि आतून आलेली हाक एकच निघाली. वसतिगृहात शेजारच्या खाटेवरच्या मित्राला बायबलातल्या बारा लहान संदेष्ट्यांची नावं काही केल्या पाठ होत नव्हती. परीक्षेच्या आदल्या दिवशी याने ती बाराही नावं एका चालीवर बसवून दिली. मित्र पास झाला, पुढे चढत चढत बिशप झाला, आणि तेव्हापासून आजपर्यंत पाळकसाहेबांना एकांतात 'गवई' म्हणत आला.

मंडळीला, म्हणजे चर्चला येणाऱ्यांना, मात्र गाता उपदेश फार दिवस मानवला नाही. पहिल्याच नेमणुकीत, "पाळक छान गातात, पण गाण्यात प्रत्येक ओळ दोनदा येते हो, घरी जायला उशीर होतो," अशी तक्रार बिशपांकडे गेली. मेथॉडिस्ट पंथात पाळकाची बदली ही वार्षिक परिषदेत होते. सगळे पाळक बायकामुलांसह दाटीवाटीने बसलेले असतात आणि बिशप यादी वाचतात. आपलं नाव येईपर्यंत आपण यंदा कुठे राहणार हे कुणालाही ठाऊक नसतं. त्या वर्षी तरुण पाळकसाहेबांच्या नावापुढे मंडळी आलीच नाही. आली शाळा.

"मुलांना घरी जायची घाई असली तरी घंटा होईपर्यंत जाता येत नाही," तेव्हाचे बिशप त्यांना म्हणाले. "तुमच्यासाठी हेच बरं."

ही खरं म्हणजे शिक्षा होती, पण पाळकसाहेब तिच्यात माशासारखे पोहू लागले. एकामागून एक पाच शाळा झाल्या. प्रत्येक बदलीला पाळकीणबाई खिडक्यांचे पडदे काढत, नव्या घराच्या खिडकीला लावून बघत आणि लांब असतील तर कापत. आखूड असले तर मात्र काही करता येत नसे. पाचव्या घरापर्यंत पडद्यांची अशी अवस्था झाली होती की रस्त्यावरून जाणाऱ्याला घरातल्या सगळ्यांच्या चपला दिसत. घरात सगळे म्हणजे दोघंच. मूलबाळ नव्हतं. पाळकसाहेब म्हणत, आपल्याला दर जूनमध्ये दोनशे होतात. पाळकीणबाई म्हणत, आणि दर मेमध्ये दोनशे जातात, आणि पायपेटीपाशी जाऊन बसत.

पायपेटी त्यांच्या माहेरची. पाय हलवत राहायचं, वारा भरत राहायचा, आणि वर बोटं चालवायची. पाचही शाळांतून पाळकसाहेबांचे धडे त्या पेटीवरच जन्मले. ऋतू, ग्रह, हाडं, राजे, खंड, पाढे. युक्ती सोपी होती. गीतांच्या पुस्तकाच्या शेवटी, कुठलं गीत किती मात्रांचं, याची एक यादी असते. मात्रा जुळल्या की एका गीताचे शब्द दुसऱ्या गीताच्या चालीवर बिनबोभाट बसतात. मग धड्याचे का बसू नयेत? धडा कुठलाही असो, चार कडवी करायची आणि शेवटी आमेन. सतराच्या पाढ्यालासुद्धा आमेन. "सतराचा पाढा आला म्हणजे देवाचे आभार मानायलाच हवेत," असं ते म्हणत, आणि याला कुणी विरोध केला नाही.

असे चाळीस धडे झाले. पण चाली अकराच होत्या. इथेच कुठेतरी पाणी मुरत होतं, आणि ते पाळकीणबाईंनी वेळीच सांगितलं होतं.

"अहो, या चालीवर तुमचा एक धडा आधीच आहे. तहाचा."

"तो सातवीचा, गं. हा अन्नपचनाचा, आठवीचा. सातवी आणि आठवीच्या मधे भिंत आहे."

"भिंत वर्गांच्या मधे आहे. डोक्यात नाही. मुलं सातवीतून आठवीतच येणार ना? का आकाशात उडून जाणार?"

"तोवर विसरतात."

"मग शिकवता कशाला?"

 पाळकसाहेबांनी बायकोच्या ज्या गोष्टींना उत्तर नसे त्या ऐकू न येण्याची सवय लावून घेतली होती. त्यांनी पहिला सूर धरला, आणि पाळकीणबाईंनी ओठ मिटून पाय हलवायला सुरुवात केली. चाल मात्र लाडकी. उपासनेला ती लागली की खांबांनाही कंठ फुटे. म्हणूनच पाळकसाहेबांचा हात पुन्हा पुन्हा तिच्याकडेच जाई, जसा काही माणसांचा हात नको म्हटलं तरी एकाच बरणीत जातो.

आता पाळकसाहेब शेवटच्या शाळेत शेवटच्या वर्षाला होते. पुढच्या परिषदेत निवृत्ती. जायच्या आधी दोन गोष्टी व्हायच्या होत्या. एक म्हणजे आठवीला शिक्षणखात्याची मान्यता. शाळा सातवीपर्यंतच होती. आठवी पाळकसाहेबांनी तीन वर्षांच्या तात्पुरत्या परवानगीवर चालवली होती आणि ती परवानगी आता संपत होती. मान्यता मिळाली तर पुढे नववी, दहावी. नाही मिळाली तर आठवी बंद, आणि दुसरी शाळा बसने दीड तासावर. मुलींचे बाप बसचं नाव काढताच, "पुष्कळ शिकली," म्हणायला टपलेलेच होते. बेकरीवाल्याने तर आपल्या मुलीला पाव भरायच्या टेबलापाशी जागासुद्धा करून ठेवली होती.

दुसरी गोष्ट म्हणजे पुस्तक. 'गाती शाळा'. चाळीसच्या चाळीस धडे, सुवाच्य अक्षरात, जाड पुठ्ठ्यात बांधलेले. बिशपसाहेब ते मिशनच्या छापखान्यात देणार होते आणि परिषदेत जाहीर करणार होते की यापुढे सगळ्या मिशन शाळांतून हेच चालेल. पाळकसाहेब रोज सकाळी प्रार्थनेनंतर त्या पुठ्ठ्यावर हात ठेवून क्षणभर उभे राहत. पाळकीणबाई ते बघत. दर मेमध्ये दोनशे मुलं जातात. हे एक तरी राहील, असं त्यांनाही वाटत असेल.

आणि त्याच वर्षी सातवीच्या वर्गाच्या छताने घोटाळा केला. एक तुकडा सुटून नेमका खडूच्या खोक्यात पडला. कुणाला लागलं नाही, पण खोली बंद झाली आणि सातवी उचलून आठवीच्या शेजारी सभागृहात बसवावी लागली. मधे भिंतीऐवजी नकाशांचं एक कपाट उभं केलं. वर्षभर सातवीने आठवीचे धडे ऐकले आणि आठवीने सातवीचे. दोन्ही बाजूंनी मनसोक्त.

इन्स्पेक्टरसाहेब आले ते बिशपसाहेबांबरोबर, एकाच गाडीतून. माणूस सडपातळ, अबोल, बसायला स्वतःची उशी घेऊन फिरणारा. उशी खुर्चीवर ठेवली, स्वतः तीवर बसले आणि म्हणाले, "स्वागतगीत नको."

पाळकसाहेबांनी सूर द्यायला उचललेला हात खाली घेतला. स्वागतगीत अकरापैकी सर्वांत सोप्या चालीवर होतं.

"दोन्ही वर्गांची एकत्र लेखी परीक्षा. मी आणलेले दहा प्रश्न. बोलायचं नाही, मागे बघायचं नाही. शिक्षकांनी दाराबाहेर. पाळकसाहेब, तुम्ही थांबा, पण हात मागे बांधून."

बेचाळीस मुलं मान खाली घालून बसली. एक मिनिट अशी शांतता पसरली की पेन्सिलींचाच आवाज. मग पहिल्या बाकावरून एक बारीकशी गुणगुण आली. ती बेकरीवाल्याची मुलगी. तिला सगळी शाळा भुंगी म्हणे, कारण तिचं तोंड मिटलेलं असलं तरी नाक कधी गप्प नसे. भुंगीला दोष तरी कसा द्यायचा? चाळीस धडे डोक्यात गाण्याने गेले होते, ते गाण्यानेच बाहेर येणार. तिच्या मागून दुसरी, मग तिसरा, आणि पाहता पाहता सभागृहाचं मधाचं पोळं झालं. बेचाळीस मिटलेली तोंडं आणि बेचाळीस वाजणारी नाकं.

"हे काय आहे?" इन्स्पेक्टरसाहेबांनी विचारलं.

"आठवतायत, साहेब," पाळकसाहेब म्हणाले.

 इन्स्पेक्टरसाहेबांनी वही काढली, उठले आणि बाकांमधून फिरू लागले. पाळकसाहेबही हात मागे बांधून दुसऱ्या बाजूने फिरू लागले. तिसरा प्रश्न होता: 'खाल्लेल्या अन्नाचा शरीरातील प्रवास लिहा.' लाडकी चाल गुणगुणत पोळं नुसतं घुमत होतं. पाळकसाहेबांना क्षणभर धन्य वाटलं. त्यांनी कौतुकाने भुंगीच्या खांद्यावरून कागदात पाहिलं. आणि त्यांच्या पायाखालची फरशी सरकली. त्यांनी मागच्या बाकावरच्या मुलाचा कागद पाहिला. त्याच्या मागचा पाहिला. मग ते खिडकीपाशी जाऊन बाहेर बघत उभे राहिले आणि प्रभूला म्हणाले, हे कागद कुणी वाचू नयेत एवढं बघ.

प्रभूने ऐकलं. नको इतकं ऐकलं. सातव्या, तहाच्या प्रश्नाला इन्स्पेक्टरसाहेबांनी टाळी वाजवली.

"बास. कागद गोळा करा. वाचायचीही गरज नाही."

कार्यालयात चौघं बसले. इन्स्पेक्टरसाहेब उशीवर, बिशपसाहेब मोठ्या खुर्चीत 'गाती शाळा' मांडीवर घेऊन, पाळकसाहेब बाकावर, आणि दारापाशी गणितमास्तर. गणितमास्तर हे पाळकसाहेबांच्या पहिल्या शाळेतले विद्यार्थी. साहेब जिथे जातील तिथे अर्ज करून मागोमाग येत. पाळकीणबाई चहा घेऊन आल्या आणि कप देऊन झाल्यावरही गेल्या नाहीत.

"एकेका प्रश्नाला एकेक सूर," इन्स्पेक्टरसाहेब वहीत बोट ठेवून म्हणाले. "एकाने गुणगुणायचं, बाकीच्यांनी तो सूर ओळखून उत्तर लिहायचं. बावीस वर्षं मी शाळा तपासतोय. कॉपीचे कागद बाहीत पाहिले, बुटात पाहिले, पट्टीच्या मागे पाहिले. नाकातली कॉपी आज पहिल्यांदा पाहिली. मान्यतेचा प्रश्नच नाही. सामुदायिक कॉपी म्हणून वर लिहावं लागेल."

"साहेब, आमची मुलं कॉपी करत नाहीत," गणितमास्तर कळवळून म्हणाले. "करत असती तर माझ्या विषयात इतकी नापास कशाला झाली असती?"

"तुम्ही मदत करू नका, मास्तर," बिशपसाहेब हळूच म्हणाले. मग इन्स्पेक्टरसाहेबांकडे वळून म्हणाले, "ही पद्धत आहे, साहेब. चाल आठवली की धडा आठवतो. हे बघा, पुस्तकच तयार आहे. प्रत्येक धडा, त्याची चाल—"

"तेच म्हणतोय मी. सूर ऐकला की उत्तर कळतं. तुम्ही त्याचं पुस्तक छापताय, एवढंच."

बिशपसाहेबांचं तोंड उघडं राहिलं. त्यांनी पुस्तक मांडीवर जरा मागे ओढून घेतलं.

पाळकसाहेब चहाच्या कपात बघत होते. मुलं निर्दोष आहेत हे सिद्ध करणारी गोष्ट जगात एकच होती, आणि ती त्या गोळा केलेल्या कागदांत पडली होती. सूर ऐकून उत्तर कळत नव्हतं. कळणार कसं? एकाच सुराची दोन उत्तरं होती. पण हे तोंडाने म्हणायचं म्हणजे बिशपांच्या मांडीवरच्या त्या पुठ्ठ्यावर स्वतःच्या हाताने पाणी ओतायचं. चाळीस वर्षं. पाच शाळा. झाकली मूठ सव्वा लाखाची, आणि ती उघडली तर आत अकरा चाली.

आणि न म्हणावं, तर पुस्तकाला अजून आशा होती. बिशप जुना मित्र, छापखाना मिशनचा. इन्स्पेक्टर आठवी बंद करील, छापखाना थोडाच बंद करणार आहे? हा विचार मनात आला तेव्हा पाळकसाहेबांना स्वतःचीच लाज वाटली. डोळ्यांपुढे बेकरीतलं पाव भरायचं टेबल उभं राहिलं, आणि त्यापाशी नाक गप्प झालेली भुंगी.

"अहो," पाळकीणबाई म्हणाल्या, "तुम्ही सांगताय की मी सांगू?"

"सांगतो," पाळकसाहेब म्हणाले, आणि उठून उभे राहिले, जसे उपदेशाला राहतात. पण गायले नाहीत. वाक्यं उडत होती, एकेक पकडून आणावं लागत होतं. "साहेब... माझी चूक आहे. मुलांची नाही. मी... एका चालीवर दोन धडे घातले. अन्नपचन आणि तह. आळस केला. हिने मला सांगितलं होतं. मी ऐकलं नाही. मुलांच्या डोक्यात दोन्ही मिसळलेत. तुम्ही तिसरं उत्तर वाचा. कॉपी केली असती तर... सगळ्यांचं सारखं तरी आलं असतं."

"हिने सांगितलं होतं, हे वहीत घ्या," पाळकीणबाई इन्स्पेक्टरसाहेबांना म्हणाल्या.

"बाई, नवऱ्याच्या बाजूने बायकोची साक्ष म्हणजे उंदराला मांजर साक्ष."

"मी कुठे त्यांच्या बाजूने बोलतेय?"

इन्स्पेक्टरसाहेबांनी गठ्ठ्यातून वरचा कागद काढला. तो नेमका भुंगीचा होता. चष्मा चढवून त्यांनी खणखणीत सरकारी आवाजात वाचायला सुरुवात केली.

"'अन्न तोंडात चावले जाते. त्यात लाळ मिसळते. नंतर ते अन्ननलिकेतून जठरापाशी येते. जठराला सहा महिने वेढा पडतो. तोफा गार होतात. शेवटी लहान आतडे तहाची बोलणी सुरू करते आणि चार किल्ले देऊन मोकळे होते.'"

 गणितमास्तरांनी दाराकडे तोंड फिरवलं. त्यांचे खांदे हलत होते.

इन्स्पेक्टरसाहेबांनी दुसरा कागद घेतला. हा अन्नपचनाचा चोख होता, किल्ला एकही नाही. तिसऱ्यात नुसताच तह होता, जठराचं नाव नाही. मग त्यांनी एकाचं सातवं उत्तर उघडलं. "'राजाने तह मान्य केला. त्यानंतर त्याच्यात पित्त मिसळले.'" चष्मा काढून त्यांनी पुसला. "हे एक वेळ खरंही असेल. पण पाळकसाहेब, यावरून मुलं निर्दोष आहेत असंही ठरतं किंवा नुसती मठ्ठ आहेत असंही ठरतं. मला प्रत्यक्ष दाखवा."

सगळी वरात सभागृहात आली. पाळकीणबाई तिथल्या शाळेच्या पायपेटीपाशी बसल्या. चाळीस वर्षांत पाळकसाहेबांनी त्यांच्याकडे असं कधी पाहिलं नव्हतं, परीक्षेला बसलेला मुलगा पाहतो तसं.

"मुलांनो," इन्स्पेक्टरसाहेब म्हणाले, "बाई वाजवतील. ज्याला जे आठवेल ते त्याने म्हणायचं. शेजाऱ्याचं नाही. स्वतःचं."

पायपेटीत वारा भरला. लाडकी चाल सुरू झाली. कपाटाच्या या बाजूने आठवी उठली:

घास चघळला, लाळ मिसळली, नळीत गेला खाली,
जठरापाशी येता येता पुरती दैना झाली!

आणि त्याच दमात त्या बाजूने सातवी:

सहा मास तो वेढा पडला, तोफा झाल्या गार,
राजा म्हणतो, तहास या रे, किल्ले देतो चार!

दोन्ही फौजा एकमेकींवर चाल करून गेल्या. मधल्या बाकांवरची मुलं कधी या राजाच्या तर कधी त्या जठराच्या बाजूने लढू लागली. एवढ्यात दारातून तिसरा आवाज आला. पाळकसाहेबांनी मान वळवली. गणितमास्तर डोळे मिटून, दहा वर्षांच्या पोरासारखी छाती काढून, सतराचा पाढा म्हणत होते. त्याच चालीवर. पहिल्या शाळेतला. पाळकसाहेब तो साफ विसरले होते.

"अहो, हासुद्धा?" पाळकीणबाई वाजवता वाजवता ओरडल्या.

 पाळकसाहेब बोटांवर मोजत होते. अन्न, तह, सतरा... आणि मग त्यांच्या पाठीमागून, अगदी जवळून, एक जाडा घोगरा आवाज लागला. बिशपसाहेब. त्यांचा एक हात पुस्तकावर ताल देत होता, डोळे कुठेतरी दूर, चाळीस वर्षांमागच्या खाटेवर लागले होते, आणि तोंडातून, आवरावं म्हटलं तरी आवरेना, असं बाहेर पडत होतं: "होशेय, योएल, आमोस, ओबद्या, योना, मीखा, नहूम—"

बारा नावांना चार कडवी म्हणजे फार लांब अंगण. तेव्हा बिशपसाहेबांनी ती फिरून फिरून म्हटली. एका ठिकाणी हबक्कूक सतरा त्रिक एक्कावन्नवर जाऊन आदळला, पण दोघंही हटले नाहीत. एकीकडे आतडी चालली होती, दुसरीकडे किल्ले पडत होते, आणि वर संदेष्टे हाका मारत होते. जो तो आपलंच म्हणत होता आणि सूर मात्र एकाचाही सुटत नव्हता. पाळकसाहेबांची लाज कधी पळाली ते त्यांनाच कळलं नाही. त्यांना वाटलं, देवाच्या कानाला रविवारी असंच ऐकू येत असेल. एक पाऊस मागतो, एक ऊन मागतो, एक गुडघा बरा कर म्हणतो, आणि तो सगळ्यांचं वेगवेगळं ऐकून घेतो. त्याचा घोळ होत नाही. घोळ आपला होतो.

चौथं कडवं संपलं. आणि मग सातवी, आठवी, मास्तर आणि बिशप, सगळ्यांनी एकाच क्षणी, एकाच शब्दावर पाय टेकले:

"आ—मेन!"

खिडकीच्या काचा थरथरल्या. छताकडे सगळ्यांनी एकदा भीतीने पाहिलं. इन्स्पेक्टरसाहेब उशी पोटाशी धरून उभे होते. ते कधी उठले हे कुणीच पाहिलं नव्हतं.

"बिशपसाहेब," ते म्हणाले, "तुमचा धडा कुठल्या इयत्तेचा?"

बिशपसाहेब कानापर्यंत लाल झाले. "सेमिनरीचा," ते पुटपुटले.

इन्स्पेक्टरसाहेब भुंगीपाशी गेले. "तू. आता गायचं नाही. नाकही बंद. मला सांग, जठराला वेढा कोण देतं?"

भुंगीने तोंड उघडलं, मिटलं. तिच्या बापाचं टेबल सभागृहाच्या दारापर्यंत येऊन ठेपलं होतं म्हणायला हरकत नाही. तिने बोटाने बाकावर एक ओळ मोजली, आणि मग तिचं बोट मधेच थांबलं.

"कुणी नाही, साहेब," ती हळूहळू म्हणाली. "दुसऱ्या कडव्यात चाल वर जाते ना, तिथे माझं चुकतं. तिथून मी तहात जाते. पण पोटाला किल्ले नसतात. अन्न जठरातून लहान आतड्यात जातं, तिथे पित्त मिसळतं." मग तिला राहवलं नाही. "तह वेगळा. तो माणसं करतात. पोटात नाही."

"पोट दुखलं की घरातसुद्धा होतो," मागून कुणीतरी म्हणालं, आणि सबंध सभागृह हसलं. इन्स्पेक्टरसाहेबांच्या मिशीचं एक टोक हललं.

दोन तास त्यांनी बेचाळीसही मुलांना तोंडी प्रश्न विचारले, गाण्यावाचून. मुलं अडखळली, थांबली, बोटं मोजली, पण एकेकाने आतडी एका बाजूला काढली आणि किल्ले दुसऱ्या. जाताना उशी काखेत मारून ते म्हणाले, "ही कॉपी नाही. कॉपी करणारी मुलं इतकं चुकत नाहीत. बाकी जे ठरेल ते कागदाने कळेल." दोन पावलं गेले आणि वळले. "आणि पाळकसाहेब, ते पुस्तक जसंच्या तसं छापू नका. एका शाळेतलं निस्तरायला माझा दिवस गेला."

बिशपसाहेब गाडीपाशी रेंगाळले. त्यांनी 'गाती शाळा' पाळकसाहेबांच्या हातात परत दिलं.

"गवई, परिषदेला काय सांगू रे?"

"सांग, धडे झाले, चाली कमी पडल्या."

"भावोजी," पाळकीणबाई मागून म्हणाल्या, "आणि हेही सांगा, की हिने आधीच सांगितलं होतं."

परिषदेत बिशपांनी यादी वाचली. पाळकसाहेबांचं नाव शेवटी आलं आणि त्याच्यापुढे या खेपेला ना मंडळी होती ना शाळा. नुसतं 'निवृत्त'. पुस्तकाचा उल्लेख झाला नाही. पाळकसाहेब टाळ्या ऐकत हसत बसले. फक्त घरी येताना बसमध्ये त्यांनी पुस्तकाचा पुठ्ठा पिशवीत खाली सरकवला, आणि पाळकीणबाईंनी तो पुन्हा वर काढून मांडीवर घेतला.

सहाव्या घरात, जे आता कुणी सोडायला लावणार नव्हतं, पाळकीणबाईंनी जुने पडदे फडक्यांच्या पिशवीत टाकले आणि नवे शिवले, थेट जमिनीपर्यंत. शेवटच्या पडद्याला त्या टीप मारत होत्या तेव्हा गणितमास्तर धापा टाकत आले. हातात खात्याचा लिफाफा होता.

"साहेब, तुम्हीच फोडा."

पाळकसाहेबांनी चष्मा शोधला, लिफाफा फोडला, कागद उलगडला. आणि सवयीचा गुलाम माणूस, साधं वाचेल तर शपथ. "आठवीच्या वर्गास मान्यता—" त्यांनी सूर लावला, आणि 'देण्यात येत आहे' वर तो असा काही वर चढवला की मास्तरांच्या डोळ्यांत पाणी आलं. पाळकीणबाईंनी टीप अर्धी सोडली आणि धावत जाऊन पायपेटीवर बोटं टेकली.

"अगं, ऐकलंस?" पाळकसाहेब कागद फडकवत म्हणाले. "ही नवी आहे! बारावी चाल! अशा एकोणतीस केल्या की पुस्तक छापायला मोकळं!"

"नवी आहे," पाळकीणबाई पायाने वारा भरत म्हणाल्या. "'मान्यता'पर्यंत नवी आहे. पुढे तीच."

पाळकसाहेबांनी मनात एकदा म्हणून पाहिलं. दुसऱ्यांदा पाहिलं. तीच होती.

"मग आता?"

"आता काय? मान्यता 'मान्यता'पर्यंत तरी नव्या चालीवर आलीच आहे. उरलेलं बसून करू. आपल्याला कुठे बदली आहे?" आणि त्यांनी पेटी पुढे चालवली. मास्तर दाराशी उभे राहून सतराच्या पाढ्याने साथ देऊ लागले, खात्याचा कागद चार कडवी पुरवून पुरवून गायला गेला, आणि शेवटी तिघांनी मिळून त्याला आमेन म्हटलं.